आठव्या फिल्ममधले पाय

३ मार्च

ती. बाबांस, शि. सा. न. वि. वि.

तुमची फुटबॉल शिकवण्याची आठवी फिल्म पाहिली, तळव्याखाली चेंडू थांबवायची. आमच्या संघातल्या मुली आता तुमच्याच फिल्म बघून सराव करतात. आई भाजी चिरताना तुमचा आवाज ऐकते आणि म्हणते, घरात असताना एवढं समजावून कधी सांगितलं नाही.

पण बाबा, पाय तुमचे नाहीत. कॅमेरा गुडघ्याखालीच असतो, म्हणून खपून जाईल असं वाटलं का? तुम्ही प्रत्येक धडा डाव्या पायाने सुरू करता, माझ्यासाठी. हे पाय उजव्याने सुरू करतात. तिथलं काम संपवून जानेवारीत घरी येणार होतात, तेही लांबलं. काय झालंय ते खरं लिहा. दोन वर्षं झाली, मला तुमची फार आठवण येते.

तुमची डावरी


१२ मार्च

चि. डावरीस अनेक आशीर्वाद.

चोराच्या मनात चांदणं. तुझं पाकीट पाहूनच कळलं, तू ओळखलंस. डिसेंबरात शूटिंग करताना गुडघा कामातून गेला. ऑपरेशन झालं, तरी काठी सुटत नाही. पाय आमच्या लाइटवाल्याचे आहेत, बुटाचं माप जुळलं म्हणून. मी समोर खुर्चीत बसून ‘या बाजूचा’ म्हणून हात केला, आणि त्याचं डावं-उजवं उलटं झालं.

काम जानेवारीतच संपत होतं. पुढच्या फिल्म मीच मागून घेतल्या. लंगडत दारात उभं राहायचा धीर होत नाही गं. तुला मैदानात पळणारा बाप हवा. तुमच्या दोघींवाचून करमत नाही, पण आईला इतक्यात सांगू नकोस.

तुझा बाबा


२१ मार्च

ती. बाबांस, शि. सा. न. वि. वि.

आईला सांगितलं. माझ्या पोटात काही राहत नाही, हे तुम्हाला ठाऊक आहे.

एक सांगते. चेंडू तळव्याखाली थांबवणं मला जमत नव्हतं, ते आठव्या फिल्मवरून जमलं. पाय लाइटवाल्याचे चालले, बाबा. सांगणारे तुम्ही होतात. मला पळणारा बाप नको, मैदानाच्या कडेला बसून माझ्यावर ओरडणारा हवा.

माया आहे तशीच असू द्या, पण आता पत्रातून नको, समक्ष.

तुमची डावरी

ता. क. खालची ओळ आईच्या हातची आहे.

जिना चढवणार नाही, म्हणून आपलं अंथरूण खालच्या खोलीत आणलं आहे. तिकीट काढा.