नदीकाठाने चालणारी

प्रिय ठमाबाई,

तुझी आई गेल्यापासून दुपारी घर खायला उठतं. काल तर कुकरच्या शिट्टीशिवाय दिवसभर कुणी तोंडच उघडलं नव्हतं. म्हणून बाहेर पडलो, तर जुन्या थिएटरच्या दारावर पोस्टर! तुझ्या जन्माआधी आम्ही स्टुडिओत हाताने काढलेला तो पाणमांजरांचा सिनेमा. तिकीट काढून आत जाऊन बसलो. इनमीन चार माणसं.

त्यातली नदी माझी. ओल्या कागदावर जलरंग सोडून केलेली. झाडांची पानं मी काढलीच नाहीत. पाणमांजराचं पिल्लू जिथे असेल तेवढाच उजेड, बाकी सगळं धुक्यात विरलेलं. आमचे दिग्दर्शक साहेब म्हणायचे, हरवलेल्या पोराला जंगल असंच दिसतं. पुरात पिल्लू आईपासून तुटतं. शेवटपर्यंत आई काही सापडत नाही, पण ते एकटं पोहायला शिकतं. गोष्ट एवढीच. तेव्हा मला ती कोरडी वाटायची. काल नाही वाटली.

पिल्लाची आई काढली तुझ्या आईने. लांब आरशासमोर ती कमरेला टॉवेलची शेपटी बांधून चालायची आणि धावत टेबलाशी येऊन तेच पाऊल पेन्सिलीने कागदावर उतरवायची. एकेका पावलासाठी कागदांचा ढीग. आम्ही हसून बेजार, ती आपली गंभीर. साहेबांनी हरकत घेतली, "अहो, पाणमांजर चालताना असं मागे वळून बघत नाही." ही म्हणाली, "आई असेल तर बघते." ते तसंच राहिलं.

काल पडद्यावर ती नदीकाठाने निघाली. उजवा खांदा किंचित पुढे. थोडं चालायचं, थांबायचं, मान वळवून बघायचं, पुन्हा चालायचं. अगं, माझ्या नदीच्या काठाने ही चालत होती! दिवे लागले तरी मला उठवेना. झाडू मारणारी बाई म्हणाली, "आजोबा, संपला." मी म्हटलं, "हो का?" आणि बसूनच राहिलो.

मागे फोनवर तू रडत म्हणालीस, "बाबा, फोटो ढीगभर आहेत, पण आई चालायची कशी, तेच मला आठवेनासं झालंय." म्हणून आज एवढंच कळवायला बसलोय: सिनेमा रविवारपर्यंत आहे. ये. मी शेजारी गप्प बसेन. ती आली, हे सांगणारसुद्धा नाही. तू ओळखशील.

तुझाच,
बाबा