कूराबीचा आकडा

१० जुलै, बुधवार

नाही म्हणजे नाहीच लागलं. अकरा वेळा केलं, अकरा वेळा तीच लाल ओळ — सर्व्हर सापडला नाही. सापडला नाही म्हणजे काय? कूराबी आहे तिथेच आहे. मी राहते त्या पोर्ट ऑगस्टापासून चारशे किलोमीटर उत्तरेला एक घर, एक पवनचक्की, चार हजार मेंढ्या आणि माझा भाऊ लायल. हरवण्यासारखं त्यात आहे काय?

ब्रॉनीने फोनवर सांगितलेला आकडा मी नीट लिहून घेतला होता. रेल्वेच्या कचेरीत एकतीस वर्षं मालडब्यांचे नंबर लिहिले मी, एक चुकला असेल तर शपथ. आणि ही पोरगी म्हणते, "आत्या, तू काहीतरी गाळतेयस."

ब्रॉनी ही लायलची मुलगी. तीन आठवडे खाणीवर, एक आठवडा सुट्टी. सध्या बापाजवळ आहे. तिची आई डेल मे महिन्यात गेली. तेव्हापासून लायल कुणाशी बोलत नाही. फोन तर तो आधीही कधी उचलत नसे, ते डेलचं खातं होतं. पण ब्रॉनी सांगते की संध्याकाळी सहाला, जेवणाआधी तासभर तो डेलच्या खेळात जाऊन बसतो. डेल घरून आणि ब्रॉनी खाणीवरून, दोघी मिळून त्या खेळात शेत उभं करायच्या. त्या खेळाचं यंत्र डेलच्या शिवणाच्या खोलीत आहे, आणि बाहेरून तिथे जायचं तर हा आकडा टाकावा लागतो.

"बाबाशी बोलायचं असेल तर तिथेच गाठ," म्हणाली. मला गाठायचंच आहे. पण खुबा नवा बसवलाय, ऑगस्ट संपेपर्यंत गाडी चालवायची नाही असं डॉक्टरने बजावलंय. म्हणून हे कॉम्प्युटरचं खूळ.

११ जुलै, गुरुवार

चौदा वेळा. टोस्टसुद्धा जळला.

१२ जुलै, शुक्रवार

लागलं!

चूक माझीच होती. आकड्याच्या चार तुकड्यांनंतर दोन टिंबं एकावर एक, आणि पुढे आणखी पाच आकडे. मी ते पाच कागदाच्या मागच्या बाजूला लिहिले होते! ब्रॉनी इतकी हसली की मी फोन कानापासून लांब धरला.

आत गेले तर समोर उजाड माळ आणि त्यावर कुंपण. नुसतं कुंपण! डोळा पोचेल तिथवर खांब. ब्रॉनी म्हणाली, रोज तो एवढंच करतो, खांब रोवतो. माणूस खेळायला बसला तरी काम सोडणार नाही. एक चौकोनी ठोकळ्यांचा माणूस हातात कुऱ्हाड घेऊन उभा होता. तो लायल. खाली अक्षरं उमटली: "आलीस."

खोटं कशाला लिहू, रडूच आलं. दोन महिन्यांत त्याच्याकडून आलेला पहिला शब्द.

आणि मग मी घोटाळा केला. फाटकातून आत शिरले. आतल्या बाजूला डेलची बाग होती — तिने स्वतः लावलेली, लाल-पिवळी फुलं, संत्र्याची सहा झाडं. फाटक लावायचं बटण कोणतं ते मला ठाऊक नव्हतं. मी ते शोधेपर्यंत माझ्यामागून मेंढ्या शिरल्या. दहा-बारा तरी असतील. लायलने लिहिलं, "फाटक." मी घाबरून भलतंच बटण दाबलं आणि एका मेंढीला कुऱ्हाडच मारली. तो पुन्हा म्हणाला, "फाटक, नोएला." तोवर फुलांचा पार चिखल झाला होता.

"राहू दे," असं लिहून तो दिसेनासा झाला.

१४ जुलै, रविवार

लागत नाही. तोच आकडा, तीच दोन टिंबं, तेच पुढचे पाच. चार वेळा ताडून पाहिलं. परवा लागत होतं ते आज का लागत नाही?

ब्रॉनी काल खाणीवर गेली. तिकडे फोन धड लागत नाही. आणि लागला तरी तिला सांगू काय? तुझ्या आईची फुलं मी मेंढ्यांना चारली?

१५ जुलै, सोमवार

नाही.

१८ जुलै, गुरुवार

शेजारच्या सोटिरियाने गाडीतून वाचनालयात नेलं. कुबड्या मागच्या सीटवर, मी पुढे, आणि तिची बडबड सगळीकडे. दर गुरुवारी तिथे पेट्रा नावाची बाई बसते, कॉम्प्युटरच्या अडचणी सोडवायला. शांत बाई. माझा कागद पाहिला, आकडा स्वतः टाकला. तिलाही तीच लाल ओळ.

मी विचारलं, आत असलेल्या माणसाला मला बाहेर ठेवता येतं का? ती म्हणाली, येतं की. ज्याचा सर्व्हर आहे तो नको असलेल्या माणसाच्या नावावर काट मारू शकतो. पुढेही ती काहीतरी सांगत होती, पण तसं असेल तर वेगळी ओळ येते वगैरे ऐकायला मी थांबले कुठे!

काट मारली. एका फाटकासाठी.

सोटिरिया परतताना म्हणाली, "माझ्या भावाने लग्नातल्या एका खुर्चीवरून एकोणीस वर्षं तोंड दाखवलं नव्हतं." तिला वाटलं याने मला बरं वाटेल.

२३ जुलै, मंगळवार

आज चीड येतेय. रोज सहाला त्या खुर्चीत बसायचं, आकडा टाकायचा, लाल ओळ वाचायची आणि उठायचं. उठताना खुबा ठणकतो तो वेगळाच.

फाटक म्हणे! लहानपणी दादांच्या, म्हणजे आमच्या वडिलांच्या, ट्रकमध्ये लायल गियरपाशी, मी दाराशी. दाराशी बसेल त्याने उतरून फाटक उघडायचं, गाडी आत गेली की लावायचं, धावत येऊन चढायचं. घरापासून रस्त्यापर्यंत सात फाटकं. म्हणजे जाता-येता चौदा वेळा मी उतरायचे, उन्हात, धुळीत, आणि लायल आतून तोंड वेंगाडून दाखवायचा. एकदाही उतरला नाही. आणि मी एकदाही फाटक उघडं टाकलं नाही. आयुष्यात एकदा राहिलं, तेही खोट्या मेंढ्यांचं खोटं फाटक!

पण ते फाटकापुरतं नाही, हे मला कळतं. इथे तरी खरं लिहावं. डेलच्या मातीहून परत आल्यावर त्याच दिवशी स्वयंपाकघरात मी त्याला म्हणाले, "विकून टाक हे रान आणि माझ्याकडे ये. इथे एकटा कुजत बसणार आहेस का?" बायकोला पुरून तीन तास झाले होते. तो चहा तसाच टाकून शेडमध्ये गेला. मी निघाले तेव्हाही बाहेर आला नाही.

कुजत हा शब्द मी का वापरला?

२८ जुलै, रविवार

फोन केला. सहा वाजता, म्हणजे तो घरात असतो तेव्हा. नऊ घंट्या झाल्या आणि डेलने उचलला.

निरोप घेणाऱ्या यंत्रावरचा तिचा आवाज. "आम्ही रानात असू, निरोप ठेवा, मोठ्याने बोला." मागे कुत्रं भुंकतंय. मला निरोप ठेवता आला नाही. फोन तसाच धरून बसले, मग ठेवला. आता कळलं तो उचलत का नाही. नऊ घंट्या वाजू देत असेल आणि ऐकत बसत असेल.

आज राग नाही, भीती वाटतेय. डाकेचा ट्रक मंगळवारी कूराबीवरून जातो. मधले सहा दिवस त्याच्याकडे माणूस फिरकत नाही. त्याने मला बाहेर काढलं तर काढलं. पण आत तो आहे का, रोज खांब रोवतोय का, एवढं तरी मला दिसायला हवं. दार लावून घेतलेल्या घरात दिवा आहे की नाही तेही कळत नाही, असं झालंय.

४ ऑगस्ट, रविवार

ब्रॉनीचा फोन. खाणीवरची पाळी संपवून ॲडिलेडला आली आहे, दात दाखवायला. या खेपेला घरी जाता येणार नाही.

मी ठरवलं होतं सांगायचं नाही. दोन मिनिटांत सगळं सांगून बसले. मेंढ्या, फुलं, काट.

ती म्हणाली, "आत्या, बाबाला काट मारता येत नाही. त्याला मोठं अक्षर कसं काढायचं तेही येत नाही."

मग लागत का नाही? तर कूराबीच्या इंटरनेटच्या डब्याची वीज गेली की तो पुन्हा चालू होताना नवा आकडा घेतो. दर वेळी नवा. डेल होती तेव्हा खेळायच्या आधी तीच आकडा पाठवायची, म्हणून ब्रॉनीच्याही हे ध्यानात आलं नव्हतं. मी तीन आठवडे जुनाच आकडा ठोकत बसले होते. लायलला घरातल्या घरात आकडा लागतच नाही, म्हणून त्याला यातलं काही माहीतच नाही.

"पण वीज जाईल कशाने?" असं ती म्हणाली आणि आम्ही दोघीही एकदम थांबलो.

जनरेटर! दुपारी एकला बंद, पाचला चालू. डिझेल वाचवायला. दादांच्या वेळेपासून कूराबीचा हा नेम. लायल तर दादांच्या वरचा. फ्रीज उघडून दोन क्षण उभं राहिलं तर ओरडतो. सोलर बसव म्हणून सगळे सांगून थकले.

ब्रॉनी म्हणते, "पण मी होते तेव्हा तो आठवडाभर चालूच होता गं." असणारच. घरात पाहुणं असलं की जनरेटर बंद करायचा नाही, हाही दादांचाच नेम. पाहुण्याला उकडू नये, गार पाणी मिळावं. परतणाऱ्या पाहुण्याच्या गाडीची धूळ रस्त्यावर बसली की दादा तो बंद करायला शेडकडे चालू लागायचे. मी हे कसं विसरले? पन्नास वर्षं पाहिलंय! पोर्ट ऑगस्टात राहून माझी वीज कधी जात नाही, म्हणून.

म्हणजे तोही तिकडे रोज सहाला बसून वाट बघत असेल. फाटकावरून बोललो म्हणून नोएला येत नाही, असं त्याला वाटत असेल.

ब्रॉनी सप्टेंबरात जाईल तेव्हा न बदलणारा आकडा घेऊन देणार आहे. सप्टेंबर!

५ ऑगस्ट, सोमवार

डाकेचा ट्रक निघायच्या आत पत्र टाकलं. चार ओळी. मी यायचं थांबवलं नव्हतं, जनरेटर बंद झाला की आकडा बदलतो. डब्याला लावलेल्या कागदावर ब्रॉनीने तो कुठे बघायचा ते लिहून ठेवलंय, बघ आणि कळव. फुलांचं वाईट वाटतं. त्या दिवशी स्वयंपाकघरात बोलले त्याचं जास्त वाईट वाटतं.

जनरेटर चालू ठेव असं लिहिलं नाही. ते लायलला कुणी सांगायचं नसतं.

६ ऑगस्ट, मंगळवार

मूर्ख, मूर्ख, मूर्ख!

दात घासता घासता लक्षात आलं. तो आकडा लिहिणार, पत्र ट्रकची वाट बघणार, ट्रक मला आणून देणार. तोवर जनरेटर पाच वेळा बंद होणार. पत्रातून आकडा मागवणं म्हणजे टपालाने बर्फ मागवणं! एकतीस वर्षं रेल्वेत, आणि ही अक्कल.

सोटिरियाला सांगितलं तर ती हसून हसून ओट्यावर पडली. मग माझ्यासाठी बटाटे घालून मटण करून आणलं. बरं होतं.

९ ऑगस्ट, शुक्रवार

सवयीने सहाला बसले. जुनाच आकडा टाकला. लाल ओळ.

१२ ऑगस्ट, सोमवार

कुबडी सुटली, आता काठी. डॉक्टर खूश. मी त्याला विचारलं, गाडी? तो म्हणाला, ऑगस्टअखेर. सगळं जग ऑगस्टअखेर आणि सप्टेंबर.

१६ ऑगस्ट, शुक्रवार

दुपारी दोनला पत्र हातात पडलं. त्याच्या सवयीप्रमाणे वर तारीख — रविवार, ११ ऑगस्ट. खाली आकडा, दोन टिंबं, पाच आकडे. बाकी एक शब्द नाही. पाच दिवसांचा शिळा आकडा. तरी टाकला, पाकीट फेकायच्या आधी, नुसता टाकायचा म्हणून.

लागलं.

दुपारचे दोन, आणि लागलं! रविवारचा आकडा, शुक्रवारी. पाच दिवस त्याने जनरेटर बंद केलेला नाही. त्या घरात तो एकटा आहे, आणि पाच दिवस बंद केलेला नाही.

आत कुणी नव्हतं, तो रानात गेला असणार. मेंढ्या पलीकडच्या कुंपणात नेलेल्या. फुलं पुन्हा लावलेली, ओळी वाकड्या. फाटक सताड उघडं, आणि त्यावर एक पाटी:

"आत ये. फाटक मी लावतो."