तिसामार्तच्या क्रीडागृहावरील माझ्या नावाबाबत

प्रति,
मा. लांतोश देझ्यो,
प्रमुख, क्रीडा विभाग,
नगरपालिका, तिसामार्त, हंगेरी

विषय : नव्या टेबल टेनिस क्रीडागृहाला दिलेले माझे नाव काढून टाकण्याबाबत.
संदर्भ : आपले निमंत्रण व सोबतची पुस्तिका.

महोदय,

आपल्या पुस्तिकेत मी "खांद्याच्या दुखण्यामुळे ऐन बहरात स्वेच्छेने निवृत्त" झाले आहे. माझा खांदा ठणठणीत आहे. मिरचीच्या गिरणीत पोती उचलून तो उलट बळकटच झाला. दुखणे खांद्याचे नव्हते, आपले होते.

१. बाको योलान आणि मी दुहेरीत राष्ट्रीय विजेत्या होतो. मी टेबलापासून लांब राहून चेंडू कापत परतवायची, ती पुढे होऊन फटका मारायची. १९७७ साली स्वीडनमधल्या स्पर्धेत योलान "बूट बघून येते" म्हणून हॉटेलातून गेली ती परतली नाही; देश सोडून तिकडेच राहिली. आपण संघाचे व्यवस्थापक होता. तेव्हा कॉम्रेड होता, आता साहेब आहात; खुर्ची मात्र तशीच गुबगुबीत आहे. मायदेशी आल्यावर आपण मला बोलावून म्हणालात, "रेडिओवर दोन वाक्यं बोल. ती पहिल्यापासून लोभी होती म्हण, आणि उद्यापासून सरावाला ये." मी म्हणाले, "तिचा बॅकहँड कच्चा आहे, हे सांगते हवं तर. बाकी काही नाही." त्यावर आपण म्हणालात, "मग जा, मिरच्या दळ." मला ते रागाचे बोलणे वाटले, तो नेमणुकीचा हुकूम निघाला. पासपोर्ट गेला, खेळ गेला. मी चोवीस वर्षांची होते.

२. त्याबद्दल माझी तक्रार नाही. आपल्याकडून त्याहून बऱ्याची अपेक्षा करणे हा माझाच मूर्खपणा ठरला असता. परंतु त्यानंतर योलानच्या आईने माझ्या तोंडावर दार लावले. बाजारात मला पाहून ती पाठ फिरवी. लेक दुरावल्याचे दुःख असेल, असे मी समजत राहिले. ती वारली तेव्हा मी दफनभूमीच्या फाटकाबाहेरच उभी होते.

३. आपल्याच निमंत्रणावरून योलान गेल्या आठवड्यात गावी आली. स्टेशनवर तिने मला हातसुद्धा दिला नाही. शेवटी म्हणाली, "तूच माझ्याविरुद्ध जबानी दिलीस ना? लांतोशनं आईला घरी येऊन सांगितलं."
"आणि तू ते मानलंस?"
"आईनं पत्रात लिहिलं होतं गं, पिरी."
मग फलाटावरच आम्ही दोघी रडलो. आता आम्ही चाळिशी ओलांडली आहे, आणि तिची आई तर हे कळण्याआधीच गेली.

महोदय, कोणी भीतीपोटी खोटे बोलतो, कोणी बढतीपोटी. त्या विधवेच्या स्वयंपाकघरात बसून आपण जे बोललात, त्यातून आपल्याला काय मिळाले, याचा मी पुष्कळ विचार केला. काही सापडले नाही. फार तर एक कप कॉफी मिळाली असेल.

४. तरी विनंती की, माझे नाव उतरवावे. त्या जागी अन्य खेळाडूचे नाव घालून त्याचाही अपमान करू नये. शनिवारी उद्घाटनाला मंत्रिमहोदयांसमोर आपण माझ्याशी प्रदर्शनीय सामना खेळणार असल्याचे पुस्तिकेत छापले आहे. मी येणार नाही. समोर मंत्री बसले असले की आपण खेळता, हे मी जाणते. एरवी आपल्या बॅटला चेंडू लागत नाही.

मंत्रिमहोदयांसमोर आपली अडचण होऊ नये, म्हणून कळविते की क्रीडागृहाचे उद्घाटन काल सकाळी पार पडले. रखवालदाराने दार उघडून दिले. योलान आणि मी दुपारपर्यंत खेळलो. तिचा बॅकहँड अजूनही कच्चाच आहे. दारात आपण बांधलेली रेशमी फीत आडवी येत होती, म्हणून कापली.

आपल्याविषयी अजिबात आदर नसलेली, तरी अर्जाच्या रिवाजापुरती नम्र,

चेर्तो पिरोश्का
तिसामार्त, ६ मे १९९४

सोबत : फीत (दोन तुकडे).