चौक मोकळा करण्याचा आदेश

मी, खाली सही करणारी, वय एकाहत्तर, अविवाहित, राष्ट्राध्यक्षांच्या कार्यालयातली निवृत्त लघुलेखिका, पूर्ण भानावर असताना हे मृत्युपत्र स्वतःच्या हाताने लिहीत आहे. डॉक्टरबाईंनी आज सकाळीच मला तपासले. गुडघे सोडले तर बाकी सगळे ठिकाणावर आहे असे त्या म्हणतात. मला कोणी धाक घातलेला नाही की गोड बोलून वळवलेले नाही. सहा वर्षांपूर्वी मी एक मृत्युपत्र केले होते. त्यात खोटे काही नव्हते, पण जे सांगायचे तेही नव्हते. ते रद्द समजावे.

१. माझे राहते घर, म्हणजे दुसऱ्या मजल्यावरच्या दोन खोल्या व मोरी, माझ्या भाचीला, थोरल्या बहिणीच्या एकुलत्या एका मुलीला, मिळावे. बँकेत जे उरेल तेही तिचेच. मोरीतला नळ उलट्या बाजूला पिळला की उघडतो. आजवर एकाही नळवाल्याला तो सरळ करता आलेला नाही, तेव्हा तिनेही त्या फंदात पडू नये.

२. टाइपरायटर कोणालाही देऊ नये. भंगारवाल्याकडून समोर उभे राहून फोडून घ्यावा.

३. भिंतीच्या कपाटातली चौतीस पुस्तके सार्वजनिक वाचनालयाला द्यावीत. चौतीसही एकाच माणसावरची आहेत, त्या वेळच्या राष्ट्राध्यक्षांवरची. वरच्या फळीवरची त्याला गोळ्या घातल्या त्यानंतरच्या दोन वर्षांतली. त्यांत तो राक्षस आहे. मधल्या फळीवर त्याच्या तीन सल्लागारांच्या आठवणी आहेत. त्यांत तो बिचारा कोणाचे ऐकतच नव्हता. खालच्या फळीवरची गेल्या दहा वर्षांतली, गुळगुळीत कागदाची. त्यांत तो देवमाणूस आहे, मुलांच्या गालांना हात लावतो, पूल बांधतो, आणि दुष्ट सल्लागारांनी फसवल्यामुळे मारला जातो. समासात मी पेन्सिलीने जिथे जिथे 'खोटे' असे लिहिले आहे, ते वाचनालयाने खोडू नये. अट मान्य नसेल तर चौतीसही जाळावीत. निवडून जाळू नयेत.

४. माझा लोखंडी स्टेपलर, टेबलावरचा मोठा, खालच्या फळीवरच्या पुस्तकांच्या प्रकाशकाला द्यावा. त्याला तो ओळखीचा आहे. गेल्या महिन्यात तो पेढ्यांचा पुडा उघडावा तसे हसत माझ्याकडे आला आणि म्हणाला, "मावशी, साहेबांच्या चार गोड आठवणी सांगा. पुतळा बसतोय, त्या दिवशी पुस्तक काढू."

मी म्हटले, "चौकातल्या गोळीबाराचं काय लिहिणार?"

"ते आता कोण उगाळतंय? त्या दिवशी साहेब तापाने फणफणले होते. अंथरुणातून उठलेसुद्धा नव्हते."

त्यावर मी स्टेपलर फेकून मारला. त्याच्या भुवईवर तीन टाके पडले. मला त्याचा खेद नाही. नेम थोडा खाली हवा होता.

५. मधल्या फळीवरची तिन्ही पुस्तके मीच टाइप केलेली आहेत, म्हणून त्यांच्याविषयी सविस्तर लिहिते.

कर्नलच्या पुस्तकात गोळीबाराचा आग्रह प्राध्यापकाने धरला. प्राध्यापकाच्या पुस्तकात तो कर्नलने धरला. वकिलाच्या पुस्तकात असा काही आदेश निघालाच नाही, पोलीस घाबरले आणि बंदुका उडाल्या.

गोळीबारानंतर लोक राष्ट्राध्यक्षांच्या निवासात घुसले त्या दिवशीचे तिघांनीही रंगवून लिहिले आहे. मी तिथे फायलींच्या कपाटामागे उभी होते. कर्नलने आपला कोट ड्रायव्हरच्या अंगावर चढवला आणि त्याला पुढच्या दाराने ढकलले. लोकांनी कोट ओळखला. ड्रायव्हर "मी तो नाही, मी तो नाही" असे ओरडत होता, आणि ते त्याला कुदळीच्या दांड्यांनी मारत होते, तोंड उरले नाही तोवर. कर्नलच्या पुस्तकात, पान दोनशे चार, ड्रायव्हर 'स्वेच्छेने' गेला. प्राध्यापकाला टायला धरून जिन्यावरून ओढले. सतरा पायऱ्या, आणि खाली पोचेपर्यंत त्याचा एक डोळा गेला होता. राष्ट्राध्यक्ष धान्याच्या कोठीत सापडले. बायकांनी त्यांना पातेल्यांनी आणि उलथन्यांनी बडवले. नऊ दिवसांनी त्यांना तबेल्याच्या भिंतीशी उभे करून गोळ्या घातल्या. वकील पहिल्याच दिवशी त्यांच्याविरुद्ध साक्षीला उभा राहिला होता, त्यामुळे त्याला कोणी बोट लावले नाही.

पुढे वर्षभराने कर्नल हस्तलिखित घेऊन माझ्याकडे आला. मी म्हटले, "हे मी टाइप करणार नाही. मी त्या खोलीत होते."

तो खुर्चीवर नीट बसला आणि म्हणाला, "बाई, त्या आदेशाच्या कागदावर माझी सही नाही. खाली आद्याक्षरं मात्र तुमची आहेत. कागद सापडला तर लोक कोणाला शोधतील?"

मी टाइप केले. मग प्राध्यापक आला, मग वकील. सगळ्यांना कळले होते की ही बाई तोंड उघडत नाही.

६. आता जे सांगायचे ते. दुपारी साडेबाराला मी वही घेऊन आत होते. चौकात गोदीकामगार बसले होते, दोन हजारांच्या आसपास, बायकापोरांसह. खिडकीतून त्यांच्या घोषणा ऐकू येत होत्या. राष्ट्राध्यक्षांना ताप नव्हता. ते नखे कापत होते.

वकील म्हणाला, "पाण्याचे बंब मागवू."

"बंबांना तासभर लागेल," कर्नल म्हणाला.

राष्ट्राध्यक्षांनी घड्याळ पाहिले. "मला दीडला जेवायचंय. त्याच्या आत हा गोंगाट थांबला पाहिजे. घाला गोळ्या."

प्राध्यापक माझ्याकडे वळला. "बाई, तसं लिहू नका. 'आवश्यक ते बळ वापरून चौक मोकळा करावा' असं लिहा."

वकील म्हणाला, "साहेब, लेखी नकोच."

"लेखीच हवं," राष्ट्राध्यक्ष म्हणाले. "उद्या तुम्ही तिघं म्हणाल, आम्ही या खोलीत नव्हतोच."

मी बाहेर येऊन टाइप केले. दोन ओळी, एकही चूक नाही. कार्बन लावला, वेळ घातली, बारा चाळीस. राष्ट्राध्यक्षांची सही घेतली आणि कागद मीच वायरलेसच्या खोलीत नेऊन दिला. बारा पंचावन्नला आवाज सुरू झाले. ते अकरा मिनिटे चालले. एकशे चौदा माणसे मेली. त्यांत माझे भावोजी होते, ताईचे यजमान, गोदीत क्रेन चालवायचे. गोळी गळ्यातून गेली होती. शवागारात ओळख पटवायला मी ताईबरोबर गेले होते. ती माझ्या खांद्याला धरून उभी होती.

७. गेल्या पंधरवड्यात भाची आली. ती सातवीला इतिहास शिकवते. नवे पाठ्यपुस्तक तिने माझ्यासमोर टाकले. त्यात लिहिले आहे की, 'चौकात चेंगराचेंगरी होऊन काही व्यक्ती दगावल्या.'

"मावशी, उद्या हे मला वर्गात वाचून दाखवायचंय. माझे बाबा चेंगरून मेले, असं. तू तिथे कामाला होतीस ना? खरं काय झालं?"

मी म्हटले, "मला आठवत नाही गं."

तिने पुस्तक उचलले आणि निघून गेली. चप्पल घालतानाही मागे पाहिले नाही. ती चार वर्षांची असताना तिचा बाप गेला. मी तिला फ्रॉक शिवले, फिया भरल्या, आणि एकेचाळीस वर्षे आठवत नाही म्हणत राहिले.

म्हणून: वकिलाच्या पुस्तकाचा मागचा पुठ्ठा सोडवला की आत त्या आदेशाची कार्बनप्रत आहे, सही, वेळ आणि माझ्या आद्याक्षरांसह. ती व माझी त्या दिवसाची लघुलिपीची वही, दोन्ही भाचीची. तिने ती छापावी, कोर्टात द्यावी, वर्गात वाचावी. माझे नाव झाकू नये. प्रकाशक, सल्लागारांचे वारस किंवा सरकार यांपैकी कोणालाही तिला अडवण्याचा हक्क नाही.

मात्र हे मेल्यावर उघडावे एवढी सोय मला स्वतःला द्यायची नाही. उद्या सकाळी दहा वाजता मी हे ताईच्या घरी जाऊन, ताई आणि भाचीसमोर वाचणार आहे.

सही: निवृत्त लघुलेखिका
साक्षीदार: तळमजल्यावरचे शिंपीकाका; डॉक्टरबाई. आम्हा दोघांसमोर बाईंनी सही केली, व बाईंसमोर आम्ही.
राहत्या घरी, सोमवार, ८ ऑक्टोबर.

पुरवणी

ही पुरवणी मी तोंडी सांगत आहे व डॉक्टरबाई लिहून घेत आहेत.

ठरल्याप्रमाणे मी ताईकडे गेले. ती इस्त्री करत होती. मी दारातच उभी राहून सगळे वाचले. भाची भिंतीला टेकून खाली बसली. ताईने इस्त्री थांबवली नाही. वाचून झाल्यावर तिने विचारले, "कागद टाइप करताना तुला ठाऊक होतं, हे चौकात आहेत म्हणून?"

हे मी मृत्युपत्रात लिहिले नव्हते. मी खोटे बोलू शकले असते.

"हो," मी म्हटले. "सकाळी तूच ऑफिसात फोन केला होतास. 'हे मोर्चात गेलेत, काही गडबड असेल तर कळव,' म्हणालीस."

"मग कळवलं का नाहीस?"

"फोन टेबलावरच होता, ताई. मी आधी कागद पुरा केला."

ताई शहात्तर वर्षांची आहे. तिने माझे मनगट धरले, माझा उजवा हात इस्त्रीच्या टेबलावर ठेवला आणि इस्त्री उचलून त्याच्यावर मारली. एकदा नाही. हाड मोडल्याचे मला ऐकू आले, मांस भाजल्याचा वास आला. मी हात काढून घेतला नाही. भाची "आई, आई" म्हणत मध्ये पडली, तेव्हा ती थांबली. इस्त्री उभी करून ठेवली, बटण बंद केले.

मी दाराकडे वळले. भावोजी गेल्यापासून मी त्या घरात गेले तेव्हा उभ्यानेच बोलून परत आले आहे. ताईने मला कधी खुर्ची दिली नव्हती. भाचीला ती म्हणाली, "डॉक्टरबाईंना घेऊन ये." मग तिने घड्या घातलेले कपडे खुर्चीवरून उचलले आणि माझ्याकडे न बघता म्हणाली, "बस."

मी बसले.

या इजेबद्दल माझ्या बहिणीविरुद्ध कोणीही, केव्हाही तक्रार करू नये. बाकी सर्व कलमे कायम आहेत. कार्बनप्रत भाचीने आज दुपारीच पुठ्ठ्यातून काढून नेली आहे.

उजवा हात निकामी झाल्यामुळे डाव्या अंगठ्याचा ठसा.
साक्षीदार: शिंपीकाका, डॉक्टरबाई.
बहिणीच्या घरी, मंगळवार, ९ ऑक्टोबर, संध्याकाळी साडेपाच.