बेडकाच्या जागी मी

४ मार्च, बुधवार
सहावा दिवस. घर सोडून गेलेल्या धाकट्या भावाचा फोन बंदच. चौकीत हवालदार म्हणाले, "चोवीस वर्षांचा घोडा आहे, येईल फिरून." घोडा! आई तिथेच रडायला लागली. बाबा बाहेर बाकावर बसून राहिले. "गेमच खेळत बसायचं तर घर सोड" — हे त्यांचंच वाक्य. आता त्याबद्दल चकार शब्द काढत नाहीत. मला त्यांचा राग येतो, आणि दोन मिनिटांनी कीवही येते.

५ मार्च
त्याचा खण उपसला. मोजे, तुटका चार्जर, एक पेनड्राइव्ह. जेवणाच्या सुट्टीत वकीलसाहेबांच्या ऑफिसात माझ्या कॉम्प्युटरला लावला. या मशीनवर काही इन्स्टॉल करायला बंदी, पण याला ते लागतच नाही. फोल्डर उघडायचा, दोनदा क्लिक, की पडद्यावर अख्खा फोन! एम्युलेटर म्हणतात. नोकरीवर हा असाच खेळायचा, आणि त्यापायीच ती गेली.

होड्यांच्या शर्यतीचा खेळ. त्यात धाकट्याचं नाव 'बेडूक'. खातं उघडंच होतं, पासवर्डही मागितला नाही. पाच जणांचा संघ. सात दिवस न खेळणाऱ्याला काढून टाकतात. आज सातवा! मीच वल्ही मारली. शेवटून पहिली आले. पण त्याची जागा राहिली. परत येईल तेव्हा निदान एवढं तरी त्याला जागेवर मिळू दे.

९ मार्च
रोज एक शर्यत. बाणाने वळायचं, स्पेसने वल्हवायचं. बरं जमतंय. संघातल्या कोणीतरी लिहिलं, "बेडक्या, हात मोडला का रे?" हसू आलं. इतक्या दिवसांत पहिल्यांदा. मग माझीच मला लाज वाटली.

११ मार्च
हवालदारांनी विचारलं, "त्या गेममध्ये तो शेवटचा कधी आला होता, ते दिसतं का?"

दिसतं ना. प्रत्येकाच्या नावासमोर असतं. कप्तान — दोन तासांपूर्वी. बेडूक — आत्ता. आत्ता म्हणजे मी! पहिल्या दिवशी उघडलं त्याच क्षणी त्याची खरी वेळ पुसली गेली. आधी बघून घ्यायचं सुचलंच नाही. दिवसभर दुसऱ्यांच्या अर्जांतल्या तारखा तपासते मी. हवालदारांनी वही मिटली.

१२ मार्च
कप्तानला खरं काय ते लिहिलं. मी बेडूक नाही, त्याची ताई. तो घरातून गेलाय. त्यांनी नंबर मागितला, लगेच फोन केला. शाळेत गणित शिकवणारे साठीचे गृहस्थ निघाले. म्हणाले, "ताई, शेवटच्या शर्यतीत तो माईकवर बोलला होता. म्हणाला, 'सर, आठवडाभर दिसलो नाही तर समजून जा.' मी दिवस मोजत होतो. सातव्या दिवशी पोलिसांत जायला चपला घातल्या होत्या. तेवढ्यात तो खेळताना दिसला. जीव भांड्यात पडला हो माझा."

सातव्या दिवशी. मीच. माझ्या या हातांनी.

आईला सांगितलेलं नाही. कुठल्या तोंडाने सांगू?

१३ मार्च
जेवण जात नाही. बाबांना बोल लावत होते मी!

१४ मार्च
शर्यत बंद केली. संघाच्या गप्पांत फक्त एक ओळ लिहून ठेवली — "घरी कोणी चिडलेलं नाही. कुठे आहेस तेवढं कळव. ताई." कोण वाचणार? तरी दिवसातून चारदा उघडून बघते. साहेब बघूनही न बघितल्यासारखं करतात.

१६ मार्च, सोमवार
सव्वा वाजता उघडलं. पाचच मिनिटं झाली असतील, पडदा काळा — "हे खातं दुसऱ्या फोनवर उघडलं आहे. तुम्ही बाहेर पडला आहात." खाली बटण, 'पुन्हा आत या'. दाबलं तर तिकडचा बाहेर फेकला जाईल! हात मांडीखाली घालून बसले. कोणाच्या हाती लागला असेल त्याचा फोन? तेवढ्यात माझा वाजला. कप्तान.

"ताई, आत तुम्ही आहात?"

"नाही!"

"मग काही करू नका. कशाला हात लावू नका. तो बोलतोय माझ्याशी."