आरशातलं माप

दादा,

दुकानातल्या ट्रायलच्या आरशात, बघणाऱ्याच्या मनात असेल तेच माणूस दिसतं, हे तू विसरला नसशील. तू घर सोडल्यापासून बाबांना त्यात तूच दिसतोस. काचेला टेप लावून ते तुझं माप घेतात, शर्ट शिवतात. काजं-बटणं माझ्या गळ्यात. मी शेजारीच उभी असते, पण त्यांच्या आरशात नसते. असो.

हल्ली बाबा सगळं विसरत चाललेत, तसा तू लहान होत चाललायस. मध्यंतरी शाळेचा शर्ट शिवला, काल झबलं बेतलं. आज म्हणाले, "आरसा पूस गं, कोणीच दिसत नाही."

पुसला, तर मला तू दिसलास. मेलं माझं मन!

हे पत्र टाकत नाही. तू आलास, तर ते टेप गळ्यात अडकवून विचारतील, "बोला साहेब, काय शिवायचं?"

तुझी,
धाकटी