सुनेच्या हातची गोळी

मी, खाली सही करणारी, धंदा अभिनय, सध्या अंथरुणाला खिळलेली, पूर्ण शुद्धीत व कोणाच्याही दडपणाशिवाय लिहून ठेवते. डोके ठिकाणावर असल्याचा डॉक्टरांचा दाखला सोबत जोडला आहे. टीव्हीवर मी अनेक वर्षे खाष्ट सासू होते. बाजारात बायका मला पाहून वाट बदलत. त्यावरच हे घर झाले, त्यामुळे तक्रार नाही.

१. राहते घर व बँकेतील शिल्लक माझ्या विधवा सुनेस द्यावी. मुलगा गेल्यावर तिला माहेरचा रस्ता मोकळा होता. ती राहिली. माझे सगळे अंथरुणातच होते, ते ती करते आणि वर माझी बोलणीही खाते.

२. सोन्याचे दागिने लेकीस. मोडक्या कुलपाचे कपाटही तिलाच. मालिकेत सून सासूच्या गोळ्या बदलते, असा प्रसंग होता. कॅमेरा तीनदा बाटलीवर आणि तीनदा माझ्या तोंडावर फिरला. लेकीने तो पाहिला आणि माझी औषधे कपाटात घालून किल्ली आपल्या घरी नेली. "आई, जगात काय काय चाललंय, बघ जरा," म्हणाली. पोटच्या पोरीला खऱ्या आईपेक्षा पडद्यावरची आई खरी वाटली, याचे मला फार दुःख आहे.

मग एका दुपारी छातीत कळ आली. सुनेने हातोडीने कुलूप फोडून गोळी माझ्या जिभेखाली ठेवली. लेक आता तेच फुटके कुलूप, सुनेने औषधांत हात घातल्याचा पुरावा म्हणून, नातेवाइकांना दाखवते.

३. शूटिंगचे भरजरी शालू निर्मात्यास परत करावेत. गुण्यागोविंदाने नांदणाऱ्या सासू-सुना दाखवा, असे मी त्यास सुचवले होते. "ताई, ते बघायला कोण बसेल?" म्हणाला.

४. अंत्यविधीपूर्वी माझे शवविच्छेदन करावे व अहवाल सुनेच्या हाती द्यावा. हे काल तिला सांगितले तेव्हा ती रडली.

"आई, तुम्हाला कापू देणार नाही मी."

"मला नाही कापलं, तर हे लोक तुला जन्मभर फाडून खातील. मला काय, तेव्हा दुखायचं नाही."

लेकीने या कलमास हरकत घेऊ नये.

सही होईपर्यंत सुनेस खोलीबाहेर ठेवले आहे. औषधाची वेळ टळून गेली. ती दोनदा दार वाजवून गेली, तरी उद्या कोणी बोट दाखवू नये म्हणून तिला आत घेतलेले नाही.

साक्षीदार: १. उपचार करणारे डॉक्टर (सही) २. खालच्या मजल्यावरचे शिंपी (सही)

लिहून ठेवणार: (सही, वाकडी)

ठिकाण: राहते घर, मागची खोली
दिनांक: चौदा जून